पीट पॉसलथ्वेट : आमच्या घरातला 'हाडक्या'

आडवाट

आमच्या घरी त्याचं नाव हाडक्या होतं. ठेवलं वडिलांनी. नव्वदीच्या शेवटी केबलवर रात्री इंग्रजी सिनेमे लागायचे. बाबांना इंग्रजी संवाद फारसे कळत नसत, सबटायटल्स नसायची, त्यामुळे ते माणसं चेहऱ्यावरून लावून ठेवायचे. वर आलेली गालफडं, फताडं नाक, आत गेलेले डोळे असा तो चेहरा दिसला की अर्धवट झोपेतून उठून बसायचे. "हाडक्या आला बघ. आता काहीतरी घडणार." आणि घडायचंही.

त्याचं खरं नाव मला कळलं ते मृत्यूच्या बातमीत. २ जानेवारी २०११, इंग्रज नट पीट पॉसलथ्वेट, वय ६४. तेव्हापासून जमेल तसे त्याचे सिनेमे शोधून बघतोय. बाबा आता नाहीत, त्यामुळे जे सापडलं ते सांगायला हा धागा.

आधी नावाचं. इंग्रजी स्पेलिंग बघून बोबडी वळते, पण मधला 'ट' गिळायचा की सोपं होतं: पॉसल-थ्वेट. उत्तर इंग्लंडात थ्वेटवाली आडनावं बरीच आहेत. थ्वेट म्हणजे जुन्या नॉर्स भाषेत रान तोडून मोकळी केलेली जमीन. थोडक्यात, मातीतलं आडनाव. नाटकात आल्यावर लोकांनी त्याला सांगितलं की हे बदल, एवढं नाव थिएटरबाहेर दिव्यांत लावायचं तर विजेचं बिल कोण भरणार? त्यानं नाही बदललं.

जन्म ७ फेब्रुवारी १९४६, वॉरिंग्टनचा. लिव्हरपूल आणि मँचेस्टर यांच्या मध्ये असलेलं, तारेच्या कारखान्यांसाठी प्रसिद्ध गाव. कॅथलिक कामकरी घर, चार भावंडांत हा शेंडेफळ. पाद्री व्हायचं म्हणून काही काळ सेमिनरीत काढला, ते बारगळलं. मग मास्तरकी केली, मँचेस्टरच्या एका कॉन्व्हेंटमध्ये मुलींना नाटक शिकवलं. त्यानंतर ब्रिस्टल ओल्ड व्हिकची नाट्यशाळा, आणि तिथून लिव्हरपूलचं एव्हरीमन थिएटर.

एव्हरीमनवर खरं तर वेगळा धागा निघेल. होप स्ट्रीट नावाचा रस्ता, एका टोकाला अँग्लिकन कॅथीड्रल, दुसऱ्या टोकाला कॅथलिक, आणि या दोघांच्या मध्ये एका जुन्या चॅपलमध्ये थाटलेलं हे नाट्यगृह. तळघरात खानावळ. सत्तरच्या दशकात इथे कोण कोण एकत्र होतं बघा: जूली वॉल्टर्स, बिल नाय, जोनाथन प्राइस, अँटनी शेर. लिहायला विली रसेल आणि अ‍ॅलन ब्लीझडेल, दोघंही त्याच परिसरातले. तेव्हा यातल्या एकालाही कुत्रं विचारत नव्हतं. ही मंडळी पबमध्ये जाऊनही प्रयोग करायची. समोरचा माणूस चौथा ग्लास रिचवतोय, त्याला नाटक बघायचंय असं तो म्हणालेला नाही, आणि तुम्ही त्याला पाठ फिरवू द्यायची नाही. ही तालीम पुढे आयुष्यभर दिसते त्याच्यात. दोन मिनिटांचं काम असलं तरी तो आला की बघणारा मान वळवतो.

पुढे रॉयल शेक्सपिअर कंपनी, टीव्ही, किरकोळ सिनेमे. पडद्यावर खऱ्या अर्थानं नाव झालं चाळिशी उलटल्यावर. आणि इथे मला जे म्हणायचंय ते येतं. याची सगळ्यात मोठी कामं काढून बघा, तो बाप असतो. कुणाचा तरी बाप, आणि दर वेळी निराळा.

पहिला 'डिस्टंट व्हॉइसेस, स्टिल लाइव्ह्ज', १९८८. टेरेन्स डेव्हिस या दिग्दर्शकानं स्वतःच्या लिव्हरपूलमधल्या घरावर काढलेला सिनेमा. बाप बायकोला गुरासारखा मारतो. पण एक प्रसंग आहे. ख्रिसमसच्या आदल्या रात्री मुलं झोपलेली असताना हा हळूच येतो, त्यांच्या उशाला भेटींचे मोजे लावतो, देव तुमचं भलं करो म्हणतो. चेहऱ्यावर इतकं मार्दव की आपण मागचं सगळं विसरायला तयार. पुढच्या दृश्यात टेबलावर जेवण मांडलेलं, मुलं गप्प बसलेली, आणि हा टेबलक्लॉथ धरून सगळं ताटवाट्यांसकट खाली ओढतो. वर बायकोला हाक मारून सांगतो, आवर हे. दोन्ही माणसं एकच आहेत याबद्दल शंका राहत नाही. दुसरा एखादा नट असता तर 'खरं तर तो आतून चांगला आहे' असं काहीतरी सुचवलं असतं. हा तसली सूट देत नाही आणि मागतही नाही.

दुसरा १९९३ चा 'इन द नेम ऑफ द फादर'. जुझेप्पे कॉन्लन. बेलफास्टचा, फुप्फुसांनी खंगलेला, देवभोळा माणूस. पोरगा लंडनला बॉम्बस्फोटाच्या खोट्या आरोपात अडकला म्हणून त्याला सोडवायला बोटीनं येतो आणि स्वतःच आत जातो. या कामाला ऑस्करचं नामांकन मिळालं. बक्षीस टॉमी ली जोन्सला 'द फ्युजिटिव्ह'साठी गेलं. समोर डॅनियल डे-लुईस धुमाकूळ घालतोय, भिंतींवर डोकं आपटतोय, आणि हा कोठडीत बसून जपमाळ ओढतोय. पण तुम्ही बघता कोणाकडे? एकदा पोरगा लहानपणच्या फुटबॉल मॅचवरून तुटून पडतो, मी मेडल जिंकलं तेव्हाही तू बाजूला उभा राहून माझी चूकच काढलीस म्हणून. पॉसलथ्वेट काही करत नाही. ऐकून घेतो. तीस वर्षांच्या घरातल्या धुसफुशी त्या ऐकण्यात आहेत.

आणि त्याच्या मृत्यूनंतर कैदी खिडक्यांच्या गजांतून पेटते कागद खाली सोडतात, तो प्रसंग. काळोखात तरंगत खाली येणारे ते कागद. बाबा त्या रात्री टीव्ही बंद करून गॅलरीत जाऊन उभे राहिले होते. मी तेव्हा बारावीत होतो, आमचं महिनाभर बोलणं नव्हतं.

तिसरा डॅनी, 'ब्रास्ड ऑफ'मधला. त्याबद्दल प्रतिसादांत लिहीन, हात दुखले.

मीनल_ग

मस्त लेख! वाचनखूण साठवली. मला हा माणूस फक्त 'युज्वल सस्पेक्ट्स'मुळे माहीत. कोबायाशी वकील. नाव जपानी, चेहरा अस्सल इंग्रज, आणि बोलणं आपल्या फोर्टातल्या एखाद्या जुन्या सॉलिसिटरसारखं! कॉलेजात बघितला तेव्हा आम्ही सगळे गोंधळलो होतो की हा इंडियन आहे का पाकिस्तानी. चेहराही जरा सावळा केल्यासारखा वाटतो. तेव्हा गंमत वाटली होती, आता परत बघताना थोडं खटकलं.

पण शेवट कळल्यावर त्या नावागावाच्या घोळाला अर्थ येतो, तो कप खाली पडतो तेव्हा त्याच्या बुडाला

टेकाडे

मीनलताई थांबा!!! काहींनी अजून बघितला नाहीये. (म्हणजे मी.)

मीनल_ग

सिनेमा १९९५ चा आहे हो. तीस वर्षं कुठे होतात? हलके घ्या. असो, पुढचं लिहीत नाही. एवढंच सांगते की त्या बोलण्याचा ठावठिकाणा लागत नाही, आणि लागू नये हेच बरोबर आहे. बघून झाला की इथे येऊन सांगा.

वऱ्हाडी_ठेचा

धागाकर्त्यानं 'शार्प'चा उल्लेख न केल्याबद्दल जाहीर निषेध.

शॉन बीनची टीव्ही मालिका, नेपोलियनच्या काळातली. त्यात १९९४ च्या भागांमध्ये पॉसलथ्वेट सार्जंट हेक्सविल झालाय. इतका किळसवाणा माणूस मी पडद्यावर बघितला नाही. टोपीच्या आत आईचं चित्र ठेवतो आणि टोपीत तोंड घालून तिच्याशी बोलतो. मान मध्येच झटकतो, कारण लहानपणी फासावर चढवलं होतं आणि मेला नाही. विनोदी वाटावा असा ऐवज आहे, पण हसू येत नाही. रात्री झोपताना आठवतो.

आता यात आपला संबंध काय? तर बर्नार्ड कॉर्नवेलनं मालिका गाजल्यावर मागे जाऊन शार्पच्या भारतातल्या तीन कादंबऱ्या लिहिल्या. श्रीरंगपट्टण १७९९, असईची लढाई २३ सप्टेंबर १८०३, आणि डिसेंबर १८०३ मधलं आमचं गाविलगड. चिखलदऱ्याला गेलात तर तो किल्ला बघून या, तटावर उभं राहिलं की इंग्रजांनी तो घेतला कसा हेच कळत नाही. असई जालना जिल्ह्यात. तर या तिन्हींत हेक्सविल आहे. टिपूच्या वाघांपुढे टाकला तरी मरत नाही, असईला हत्तीच्या पायाखाली जाता जाता वाचतो, गाविलगडावर सापांच्या खड्ड्यात पडतो. मी त्या कादंबऱ्या मालिका पाहिल्यावर वाचल्या, त्यामुळे माझ्या डोक्यात गाविलगडाच्या दिल्ली दरवाज्यातून कायम पॉसलथ्वेट येतो. मान झटकत.

आडवाट

निषेध मान्य. :) हे गाविलगडाचं माहीत नव्हतं, भारीच.

अनुस्वार

लेख चांगला आहे, पण 'इन द नेम ऑफ द फादर'बद्दल जरा बोलायला हवं. धागाकर्ता ज्या कोठडीतल्या प्रसंगांवर फिदा आहे ते घडलेलेच नाहीत. मुलगा जेरी आणि बाप जुझेप्पे कॉन्लन एका कोठडीत कधी नव्हते. खटलेही वेगळे चालले. जेरी 'गिल्डफर्ड फोर'मध्ये, ५ ऑक्टोबर १९७४ च्या पबमधल्या स्फोटांसाठी, ज्यात पाचजण गेले. जुझेप्पे 'मॅग्वायर सेव्हन'मध्ये, हातांवर नायट्रोग्लिसरीनचे अंश सापडले असं दाखवणाऱ्या चाचणीवर १९७६ मध्ये शिक्षा झालेला. जानेवारी १९८० मध्ये तो शिक्षा भोगत असतानाच गेला. मुलगा १९ ऑक्टोबर १९८९ ला सुटला. बापाच्या खटल्यातल्या शिक्षा रद्द व्हायला १९९१ उजाडलं, म्हणजे मेल्यावर अकरा वर्षं. टोनी ब्लेअरनी माफी मागितली २००५ मध्ये.

हे सगळं इतकं भयंकर आहे की त्यात तिखटमीठ घालायची गरज नव्हती. शिवाय सिनेमात एमा थॉम्प्सन कोर्टात उभी राहून भाषण ठोकते. ती ज्यांचं काम करते त्या गॅरेथ पीअर्स सॉलिसिटर होत्या, तिथल्या पद्धतीत तसं भाषण करायला बॅरिस्टर लागतो. एका खोट्या पुराव्यांच्या खटल्यावरचा सिनेमा आणि त्यातच अशी जुळवाजुळव? मला हे पटत नाही.

आडवाट

अनुस्वार, तपशिलांबद्दल आभार, तुमचं सगळं बरोबर आहे. वकिलाच्या प्रसंगाबाबत तर मी तुमच्याच बाजूचा, तो भाग मलाही नाटकी वाटतो.

पण कोठडीचं वेगळं आहे. त्या माणसानं पाच-एक वर्षं तुरुंगात काढली, मुलगा वेगळ्या कोठडीत. दोघांनी एकमेकांना काय सांगितलं असतं हे सांगायला दोघांना एका खोलीत आणावंच लागलं असतं. पत्रं वाचून दाखवण्यात सिनेमा झाला नसता. आणि पॉसलथ्वेटच्या कामात खोटं एक अक्षर नाही. तो जुझेप्पेला संत करत नाही. थोडा चिडखोर, थोडा हट्टी, नाकासमोर चालणारा, आपला मुलगा वाया गेला याची मनातून लाज वाटणारा. अशा साध्या माणसाला आत टाकलं हे बघून जो संताप येतो तो खटल्याच्या कागदपत्रांनी येत नाही.

अनुस्वार

संताप येतो हे मान्य. कोणत्या गोष्टीचा येतो ते प्रेक्षकाला नीट कळायला हवं एवढंच माझं म्हणणं. पण पॉसलथ्वेटच्या कामाबद्दल वाद नाही. इथेच थांबतो.

जुनं_खोडरबर

मला नेहमी वाटतं हॉलिवूडनं या माणसाला वाया घालवलं. स्पीलबर्गनं त्याला जगातला सर्वोत्तम नट म्हटलं, आणि काम काय दिलं? 'द लॉस्ट वर्ल्ड'मध्ये डायनोसॉरची शिकार! (त्या कौतुकावर पॉसलथ्वेटचं उत्तर झकास आहे. म्हणाला, स्पीलबर्ग खरं म्हणजे असं म्हणाला असणार की या पीटला वाटतं आपण जगातले सर्वोत्तम नट आहोत.)

आडवाट

खोडरबर, वाया? मी असहमत. 'लॉस्ट वर्ल्ड' परत बघा. सगळा सिनेमा आरडाओरडा आणि पळापळ. शिकारी रोलंड टेंबो एकटा त्यात मोठा माणूस वाटतो. त्याला पैसे नकोत, नर टी-रेक्स हवाय. मिळतोही. आणि मिळतो तेव्हा त्याला कळतं की आपला मित्र गेला. तो मित्र कोण, तर अजय सिद्धू, त्याचा जुना भारतीय साथीदार. त्या बातमीनंतर त्याला पुढची नोकरी देऊ करतात आणि तो म्हणतो की मृत्यूच्या सोबतीत पुरेसा वेळ घालवला मी. हे वाक्य कागदावर अगदी फिल्मी आहे. त्यानं ते बिल वाचून दाखवावं तसं म्हटलंय, म्हणून लागतं.

आणि 'द टाउन' (२०१०) मधला फुलवाला? गुलाबाचे काटे छाटता छाटता बेन अ‍ॅफ्लेकला त्याच्या आईचं काय केलं ते सांगतो. हातातली कात्री थांबत नाही. त्या कामाला बाफ्टाचं नामांकन मिळालं ते तो गेल्यावर.

जुनं_खोडरबर

बरं, गुलाब मान्य. डायनोसॉर नाही.

टेकाडे

'इन्सेप्शन'मध्ये तोच ना, पलंगावर मरायला टेकलेला म्हातारा? सिलियन मर्फीचा बाप? म्हणजे तिथेही बापच!

आडवाट

होय! आणि सगळ्या सिनेमाचा कट त्या एका माणसावर उभा आहे. पोराला वाटतं बापानं मरताना आपल्याला नालायक म्हटलं, आणि बाकीची टोळी स्वप्नात शिरून त्याला उलटं पटवून देते. पॉसलथ्वेटला त्यात धड उठून बसायलाही मिळत नाही. पुटपुटतो, एक हात हलवतो, तिजोरीकडे बघतो. सिनेमा आला जुलै २०१० मध्ये. सहा महिन्यांनी तो स्वतःच गेला, स्वादुपिंडाच्या कॅन्सरनं. त्याआधी १९९० मध्ये एकदा कॅन्सर होऊन गेला होता.

स्वाती_मर्सीकाठ

मी बावीस वर्षं लिव्हरपूलच्या बाजूला राहते, म्हणून हा धागा बघून राहवलं नाही. २००८ साली लिव्हरपूल युरोपची सांस्कृतिक राजधानी होतं. त्या वर्षी पॉसलथ्वेट परत एव्हरीमनला आला, किंग लिअर करायला. दिग्दर्शक रुपर्ट गूल्ड. मी आणि नवरा नोव्हेंबरात गेलो होतो.

जुनं एव्हरीमन ज्यांनी बघितलं नाही त्यांना सांगते, रंगमंच प्रेक्षकांत घुसलेला, तीन बाजूंनी आपण बसलेले. आमच्या खुर्च्यांपासून नट हाताच्या अंतरावर. प्रयोगावर समीक्षकांचं एकमत नव्हतं, दिग्दर्शकानं फार कल्पना लढवल्यात असं बऱ्याच जणांचं मत, आणि मलाही मधे मधे तसंच वाटलं. पण लिअरबद्दल नाही. मी 'नटसम्राट'वर वाढलेली. माझ्यासाठी लिअर म्हणजे आप्पा बेलवलकर, म्हणजे डॉ. लागूंचा तो आवाज, पल्लेदार स्वगतं. इथे आवाज चढतच नव्हता. वेडा झालेला राजा रस्त्यावर भेटणाऱ्या एखाद्या म्हाताऱ्यासारखा बडबडत होता, मध्येच आमच्यातल्या एखाद्याकडे बघून. पुढच्या रांगेतल्या एका बाईनं चक्क मान डोलावली त्याला, बसस्टॉपवर डोलावतो तशी.

शेवटी कॉर्डेलियाला उचलून आणतो तेव्हा त्याचे हात थरथरत होते. बासष्ट वर्षांचा, मुळात हडकुळा माणूस. मला तिच्याऐवजी त्याचीच काळजी वाटायला लागली. ते थरथरणं अभिनय होता की वजन, हे अजून ठरवता आलेलं नाही.

पुढे तो प्रयोग लंडनला यंग व्हिकमध्ये गेला. जुनी इमारत २०११ मध्ये पाडली. नवी छान आहे, २०१४ मध्ये उघडली, तिला वास्तुकलेचं स्टर्लिंग पारितोषिकही मिळालं. पण खालच्या खानावळीतला तो जुना कुबट वास गेला.

मीनल_ग

स्वातीताई, काय सुंदर लिहिलंय! हा स्वतंत्र लेख होऊ शकतो. बसस्टॉपवाली बाई तर डोळ्यांसमोर आली.

थेंबे_थेंबे

जाता जाता, 'द एज ऑफ स्टुपिड' कुणी बघितलाय का? २००९, फ्रॅनी आर्मस्ट्राँगचा हवामानबदलावरचा माहितीपट. त्यात पॉसलथ्वेट २०५५ मधला एकटा उरलेला माणूस. जगाचं वाटोळं झालंय, हा आर्क्टिकमधल्या संग्रहात बसून आपल्या काळातली चित्रणं चाळतोय आणि विचारतोय की वेळ होती तेव्हा यांनी काही केलं का नाही. त्या चित्रणांत मुंबईचाही भाग आहे, जेह वाडिया आपली स्वस्त विमान कंपनी उभी करतायत तो. गरिबालाही विमानात बसू दे, ही इच्छा चूक म्हणायची का, हा पेच तिथे चांगला मांडलाय. आपल्याला सोपं उत्तर देता येत नाही.

आणि हे नुसतं पडद्यापुरतं नव्हतं. त्यानं श्रॉपशरमधल्या घरी पवनचक्की बसवली होती. सिनेमाच्या उद्घाटनाला ऊर्जामंत्री एड मिलिबँड समोर असताना जाहीर सांगितलं की किंग्जनॉर्थच्या कोळशाच्या वीजकेंद्राला परवानगी दिलीत तर मी माझा ओबीई हा ब्रिटिश किताब परत करेन. २००४ मध्ये मिळालेला. ते केंद्र पुढे झालंच नाही. अर्थात त्याच्या एकट्यामुळे नाही, पण माणूस बोलला.

जुनं_खोडरबर

म्हणजे 'ब्रास्ड ऑफ'मध्ये कोळसा खाणीसाठी रडवलं आणि नंतर कोळशाच्या विरोधात उभा राहिला? हलके घ्या.

आडवाट

हा टोला मला स्वतःलाही सुचला होता. :) पण विरोध नाही त्यात. 'ब्रास्ड ऑफ' (१९९६, दिग्दर्शक मार्क हर्मन) कोळशाबद्दल नाहीच, खाणीतल्या माणसांबद्दल आहे. घ्या, आता लिहितोच.

गोष्ट यॉर्कशरमधल्या ग्रिमली या काल्पनिक गावाची, पण त्यामागे खरं ग्रिमथॉर्प आहे. ऑक्टोबर १९९२ मध्ये सरकारनं एका फटक्यात ३१ खाणी बंद करायचं जाहीर केलं, त्यात ग्रिमथॉर्पचीही होती. आणि त्यानंतर काही दिवसांतच ग्रिमथॉर्प कोलिअरी बँडनं लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये राष्ट्रीय स्पर्धा जिंकली. सिनेमातलं वाजवणंही याच बँडचं.

पॉसलथ्वेट त्यात डॅनी. बँडचा म्होरक्या, फुप्फुसं कोळशाच्या धुळीनं भरलेली. त्याला बँडपलीकडे काही दिसत नाही. माणसांच्या घरची भांडी विकली जातायत आणि हा म्हणतो तालमीला वेळेवर या. स्वतःचा मुलगा कर्जात बुडालाय, विदूषकाचे कपडे घालून मुलांच्या पार्ट्या करतोय, तेही याला दिसत नाही. मी जेव्हा म्हणतो की बापाची कामं त्यानं निराळी केली, तेव्हा हा माझ्या डोळ्यांसमोर असतो. हा मारत नाही, बोलत नाही, प्रेमही करतो. फक्त बघत नाही.

आता एक प्रसंग. नवी आलेली मुलगी फ्लूगलहॉर्नवर रॉड्रिगोची 'अरानखुएस' वाजवते. (डॅनी तिला 'ऑरेंज ज्यूस' म्हणतो, ते शिवीसकट ऐकावं.) तालमीच्या खोलीत संगीत चालू, आणि मध्ये मध्ये युनियन आणि व्यवस्थापनाच्या बैठकीची दृश्यं, आवाजाविना. डॅनी हातांनी बँड चालवतोय, पण चेहऱ्यावर काय होतं ते बघा. आधी नाक वर, पोरगी काय वाजवणार म्हणून. मग हात तसेच चालू राहतात आणि डोळे बदलतात. कॅमेरा त्याच्यावर फार थांबत नाही, त्यामुळे मी तीनदा मागे नेऊन बघितलं.

शेवटचं अल्बर्ट हॉलमधलं भाषण पुष्कळांना माहीत असेल. जिंकल्यावर तो चषक नाकारतो. म्हणतो, मला वाटायचं संगीत महत्त्वाचं, पण माणसांपुढे काही नाही ते. तो तुकडा पुढच्या वर्षी चंबावंबा बँडच्या जगभर वाजलेल्या गाण्याच्या अल्बममधल्या रूपात सुरुवातीला घातलाय, ते किती जणांच्या लक्षात आलं असेल कोण जाणे.

टेकाडे

'युज्वल सस्पेक्ट्स' बघितला. मीनलताई, कप. कप!!! रात्री दोन वाजता हा प्रतिसाद लिहितोय, झोप उडाली आहे.

मीनल_ग

:) :) आता बोला, सांगितलं असतं तर?

थेंबे_थेंबे

त्याचा मुलगा बिलीही नट आहे. 'चेर्नोबिल' मालिकेत कंट्रोल रूममधला स्टोल्यार्चुक. गालफडं बघा, लगेच ओळखाल.

आडवाट

अरे! ते मला माहीत नव्हतं. म्हणजे हाडक्याचा वारस आहे तर.

लालबागची_नात

मी इथे फक्त वाचायला येते, पण 'ब्रास्ड ऑफ'चा प्रतिसाद वाचून शनिवारी आजोबांना तो सिनेमा दाखवला. आजोबा ८३ वर्षांचे, गिरणीत साचेवाले होते, १९८२ च्या संपात घरी बसले ते कायमचे. इंग्रजी येत नाही, मी शेजारी बसून मराठीत सांगत होते. थोड्या वेळानं म्हणाले, गप बस, कळतंय.

आजोबा गिरणीत असताना नाटकात कामं करायचे. कामगार कल्याणच्या स्पर्धेत त्यांच्या नाटकाला ढाल मिळाली होती. एका वर्षाची फिरती ढाल, पण नंतर ती परत मागायला कुणी आलंच नाही, त्यामुळे आमच्या कपाटावर आहे. पितळेची. दर दिवाळीला चिंचेनं घासायची ड्यूटी माझी.

तर सिनेमात बँडवाले हॉस्पिटलच्या खिडकीखाली डोक्यावर खाणीतले दिवे लावून रात्री वाजवतात, तिथे आजोबांनी चष्मा काढला. मी काही बोलले नाही. मग ते भाषण आलं. मी सांगितलं, आजोबा, तो म्हणतोय आम्हाला चषक नको. आजोबा एकदम ताठ बसले.

"नको म्हणजे? जिंकलाय ना?"

मी म्हटलं, हो, पण निषेध म्हणून घेत नाहीये. त्यांना ते अजिबात पटलं नाही. पुढचं बघतच नव्हते, पुटपुटत होते की पोरांनी एवढं वाजवलं, आणि हा कोण नको म्हणणारा. मग त्यांच्यातला एकजण पुढे होऊन चषक उचलून नेतो ना, ते दिसल्यावर मागे टेकले.

"नेली ना शेवटी? हां. मग ठीक आहे."